गुणोत्तराचं उदाहरण? आधी चौकोन काढा
गुणोत्तराचं शाब्दिक उदाहरण दिसलं की मुलं थेट भागाकाराला लागतात. त्याआधी चौकोन काढायला लावा. आपल्या नाशिककडच्या पोरांना द्राक्षांचे क्रेट ओळखीचे, तेच घ्या. पिंपळगाव बसवंतहून निघालेल्या टेम्पोत काळ्या आणि हिरव्या द्राक्षांचे क्रेट ३:५ प्रमाणात. हिरवे १२ ने जास्त. तर प्रत्येकी किती? वर काळ्यांचे तीन चौकोन, खाली हिरव्यांचे पाच, सगळे सारखे, डावी कड जुळवून. खालचे दोन बाहेर डोकावतात ना? तेच १२. म्हणजे एक चौकोन ६ चा. काळे १८, हिरवे ३०. बरीच मुलं इथे १२ ला एकूण चौकोनांनी, म्हणजे ८ ने, भागतात, कारण १२ हा फरक आहे, एकूण नव्हे, हे नीट वाचलेलंच नसतं. म्हणून दिलेला आकडा नेमक्या कोणत्या चौकोनांचा, ते आधी बोट ठेवून दाखवायला सांगा.