‘स्यात्’ म्हणजे ‘कदाचित’ नव्हे : सीमाभागातून अनेकांतवाद शिकताना

निपाणीजवळच्या आमच्या गावातून मी तत्त्वज्ञान शिकायला निघालो तेव्हा घरच्यांचा पहिला प्रश्न पोटापाण्याचा होता. त्याचे उत्तर शेवटी देतो. आधी अभ्यासाविषयी लिहितो, कारण जैन दर्शनातील अनेकांतवाद (एकाच वस्तूत अनेक, परस्परविरोधी भासणारे धर्म असतात हा सिद्धांत) हा विषय निवडणारे बहुतेक विद्यार्थी नोकरीच्या कितीतरी आधी, पहिल्याच शब्दावर अडखळतात.

तो शब्द म्हणजे ‘स्यात्’. एम.ए.च्या पहिल्या चाचणीत मी ‘स्यादस्ति घटः’ याचा अर्थ ‘कदाचित घट आहे’ असा लिहिला होता. सरांनी ‘कदाचित’भोवती लाल गोल काढून समासात ‘कथंचित्’ एवढाच शब्द लिहिला आणि गुण मात्र दिले नाहीत. कदाचित म्हणणाऱ्याला खात्री नसते. कथंचित् म्हणणाऱ्याला ती असते, आणि ती कोणत्या अपेक्षेने, म्हणजे कोणत्या दृष्टीने, आहे हेही तो सांगत असतो. म्हणूनच शास्त्रकार या वाक्यात ‘एव’ घालतात : ‘स्यादस्त्येव’, म्हणजे या अपेक्षेने आहेच. अपेक्षा चार : द्रव्य, क्षेत्र, काल आणि भाव. खानापूरच्या कुंभाराचा माठ घ्या. तो मातीचा म्हणून आहे, तांब्याचा म्हणून नाही. खानापूरचा म्हणून आहे, गोकाकचा म्हणून नाही. यंदाचा म्हणून आहे, गेल्या सालचा म्हणून नाही. तांबडा म्हणून आहे, काळा म्हणून नाही. ‘आहे’ आणि ‘नाही’ ही विधाने एकामागून एक केली की सप्तभंगीतला, म्हणजे ‘स्यात्’ने सुरू होणाऱ्या सात विधानप्रकारांतला, तिसरा भंग होतो. दोन्ही एकाच वेळी एकाच शब्दात सांगायला गेले की भाषा अडते आणि ‘अवक्तव्य’ हा चौथा भंग येतो. उरलेले तीन या मूळ भंगांच्या जुळणीतून निघतात. मी सातही भंग पाढ्यासारखे पाठ करण्यात एक महिना घालवला. तो महिना तिसऱ्या आणि चौथ्यातला फरक समजून घेण्यात गेला असता तर बरे झाले असते.

अनेकांतवाद मला खऱ्या अर्थाने कळला तो दिगंबर आचार्य समंतभद्रांच्या आप्तमीमांसा या ग्रंथातील एका श्लोकाने. सोन्याचा घट मोडून मुकुट घडवला जातो. घट हवा असलेल्याला दुःख होते, मुकुट हवा असलेल्याला आनंद होतो आणि ज्याला केवळ सोने हवे तो जसाच्या तसा राहतो. श्लोक वाचताना मला थोरल्या बहिणीचे लग्न आठवले. बेळगावच्या सराफाच्या पेढीवर आजीच्या पाटल्या काट्यात पडल्या होत्या. आजी पदराचे टोक बोटाला गुंडाळत भिंतीकडे पाहत होती, बहीण गंठणाच्या नमुन्यांवरून नजर काढत नव्हती आणि वडिलांचे लक्ष काट्यावर होते. ‘काका, थोडी घट धरावी लागेल,’ असे सराफ म्हणाला. (ज्या श्लोकाचा आरंभच ‘घट’ या शब्दाने होतो तो शिकताना मला हे वाक्य आठवून वर्गात हसू आले, आणि ते कुणालाच समजावून सांगता आले नाही.) श्लोकातला महत्त्वाचा शब्द मात्र शेवटचा आहे : ‘सहेतुकम्’. तिघांच्याही भावनेला वस्तूतच कारण आहे, कारण काहीतरी खरोखर नष्ट झाले, काहीतरी उत्पन्न झाले आणि काहीतरी टिकले. अनेकपण पाहणाऱ्याच्या मनात येण्याआधी वस्तूत असते, आणि नवख्या विद्यार्थ्याच्या हातून नेमके हेच निसटते.

ते निसटले की अनेकांत म्हणजे ‘ज्याचे त्याच्या जागी बरोबर’ असा सोयीचा अर्थ उरतो. आमच्याकडे विषयाचे नाव काढले की कोणीतरी विचारतेच, ‘मग सीमाप्रश्नावर तुमचे स्यात् काय म्हणते?’ १९५६ पासून चालत आलेल्या, १९६७ च्या महाजन अहवालाने न मिटलेल्या आणि २००४ पासून सर्वोच्च न्यायालयात असलेल्या प्रश्नाचा निवाडा सप्तभंगी करत नाही. ती एवढेच विचारते की, तुम्ही गाव हा घटक धरला आहे की तालुका, भाषा हा निकष धरला आहे की प्रशासन. आपल्या नयालाच, म्हणजे वस्तूकडे एका बाजूने पाहण्याच्या दृष्टीलाच, संपूर्ण सत्य मानून बाकीचे नय फेटाळणाऱ्याला जैन आचार्य सरळ ‘दुर्नय’वाला म्हणतात. अनेकांत म्हणजे ‘बौद्धिक अहिंसा’ हे आज सर्वत्र ऐकू येणारे समीकरण आनंदशंकर ध्रुव यांनी १९३३ मध्ये स्याद्वादमंजरीच्या प्रस्तावनेत मांडलेल्या विचारातून पसरले. ते आकर्षक असले तरी जुने ग्रंथ वाचताना बाजूला ठेवावे, कारण ते ग्रंथ प्रतिपक्षाला मुळीच सोडत नाहीत.

वाचनाचा क्रम मी असा सुचवीन. तत्त्वार्थसूत्रातील ‘प्रमाणनयैरधिगमः’ आणि ‘अर्पितानर्पितसिद्धेः’ ही दोन सूत्रे टीकेसह वाचावीत, मग आप्तमीमांसा घ्यावी, आणि त्यानंतर लगेच ब्रह्मसूत्रभाष्यातील ‘नैकस्मिन्नसम्भवात्’ या सूत्रावरचा शंकराचार्यांचा आक्षेप मुळातून वाचावा. एका वस्तूत विरुद्ध धर्म कसे राहतील, आणि सारेच अनिश्चित असेल तर तुमचा सिद्धांत तरी निश्चित कसा, हा तो आक्षेप आहे. दुसऱ्या प्रश्नाला भिडणारी ओळ समंतभद्रांच्याच स्वयंभूस्तोत्रात सापडते : ‘अनेकान्तोऽप्यनेकान्तः’, म्हणजे अनेकांतालाही अनेकांत लागू होतो. आक्षेप न वाचता उत्तर पाठ करणाऱ्यांची मला तोंडी परीक्षेत नेहमी कीव येते.

सीमाभागातल्या मुलांकडे एक भांडवल असते, ज्याची त्यांना जाणीव नसते. शाळेत मराठीबरोबर कन्नड शिकावी लागली म्हणून आपण कुरकुर करतो. पण दिगंबर परंपरेतील कितीतरी संस्कृत-प्राकृत ग्रंथांच्या ताडपत्री प्रती कन्नड लिपीत आहेत, आणि षट्खंडागमावरील धवला टीकेच्या जुन्या प्रती कर्नाटकातील मूडबिद्रीला जुन्या कन्नड लिपीतच जपल्या गेल्या. चिक्कोडी तालुक्यातील सदलग्याला १९०६ साली जन्मलेले आ. ने. उपाध्ये कोल्हापूरच्या राजाराम महाविद्यालयात अर्धमागधी शिकवत असत आणि प्राकृत ग्रंथांच्या संपादनात त्यांचे नाव अग्रक्रमाने घेतले जाते. बेळगावच्या किल्ल्यातील १२०४ ची कमल बस्ती (जैन मंदिर) आपण सहलीत छताचे कमळ पाहून सोडून देतो. लिपीचा सराव सुरू केल्यावर तिथे पुन्हा जावे.

आता पोटापाण्याचे. तत्त्वज्ञानाच्या जागा थोड्या निघतात. नेट या प्राध्यापकपदाच्या पात्रता परीक्षेत तत्त्वज्ञान, प्राकृत आणि बौद्ध-जैन-गांधीवादी व शांतता अभ्यास हे वेगवेगळे विषय आहेत, त्यामुळे एम.ए. कोणत्या विषयात करायचे हे प्रवेश घेण्याआधीच ठरवावे. मी ते उशिरा ठरवले आणि दोन वर्षे गमावली. राज्याबाहेर प्रवेश घेताना रहिवासाचा दाखला, स्थलांतर प्रमाणपत्र आणि भाषेच्या माध्यमाचा पुरावा आधीच तयार ठेवावा. माझा एक अर्ज एका विभागातून केवळ ‘मूळचा कोणत्या राज्याचा’ या रकान्यावरून परत आला होता. सध्या मी तासिका तत्त्वावर शिकवतो आणि उरलेल्या वेळात ताडपत्रांच्या छायाप्रतींचे देवनागरी लिप्यंतर करतो. दुसऱ्या कामाचे पैसे पानामागे मिळतात, आणि जुनी कन्नड अक्षरे डोळ्यांत बसायला मला दीड वर्ष लागले.