क्लॅम चाउडर फुटतं कुठे?

अमेरिकेच्या ईशान्येकडल्या न्यू इंग्लंडचं पांढरं क्लॅम चाउडर, म्हणजे शिंपल्यांचं दाट, क्रीम घातलेलं सूप, घरी केलं की दोन तक्रारी हमखास: दूध फुटतं आणि शिंपल्यांचं मांस रबरासारखं होतं. माझ्या अनुभवात दोन्हींचं मूळ उकळीत आहे.

१ किलो जिवंत शिंपल्या (आपल्याकडे तिसऱ्या चालतात, लहान असल्या तरी) लिटरला ३० ग्रॅम मीठ घातलेल्या पाण्यात तासभर ठेवा, वाळू सुटते. मग २ कप पाण्यात झाकून, तोंडं उघडेपर्यंतच शिजवा. न उघडलेल्या फेकून द्या, बाकीच्यांचं मांस काढून ठेवा. पाणी दाट फडक्यातून गाळा. खरी चव त्यातच, आणि खारटपणाही. म्हणून मीठ शेवटी, चाखून.

१०० ग्रॅम बेकन परतून सुटलेल्या चरबीत कांदा, सेलरी परता, ३ चमचे मैदा घालून दोन मिनिटं भाजा. गाळलेलं पाणी थोडं थोडं ओता, ४०० ग्रॅम बटाट्याच्या फोडी शिजवा. आता आच मंद. १ कप क्रीम कोमट करून घाला. वाफ दिसावी, बुडबुडे नकोत. नुसतं दूध, तेही कमी स्निग्धांशाचं, उकळीत लवकर फुटतं. मैदा आणि क्रीमची चरबी त्याला सांभाळतात. मांस अगदी शेवटी, फक्त गरम होण्यापुरतं.

टोमॅटो मात्र नको. ते मॅनहॅटनचं चाउडर, त्यात क्रीम नसतंच.