साएदीवर बोलायला उभं राहण्याआधी

गेल्या वर्षी आमच्या फिल्म क्लबात इराणी लेखक गुलाम-हुसैन साएदीच्या पटकथांवर मी बोललो आणि पंधराव्या मिनिटाला तोंडावर आपटलो. यंदा जो कोणी बोलणार आहे, त्याच्यासाठी हे.

प्रोजेक्टर, आवाज, पाणी: तुमचं तुम्ही बघा. सबटायटल मात्र आदल्या दिवशी शेवटपर्यंत चालवून बघा. 1971 साली व्हेनिसच्या महोत्सवात साएदीच्या पटकथेवरचा, दिग्दर्शक मेहरजुईचा ‘गाव’ सबटायटलविना दाखवूनही समीक्षकांचं पारितोषिक घेऊन गेला, पण तो व्हेनिसचा प्रेक्षक होता. आणि फारसीत ‘गाव’ म्हणजे गाय, हे पहिल्याच वाक्यात सांगून टाका. गोष्टही खेड्यातच घडते, त्यामुळे आपली मंडळी अर्धा तास भलत्याच समजुतीत बसतात.

आता तारखा. प्रत्येक सिनेमापुढे तीन रकाने आखा: गोष्ट कधीची, सिनेमा बनला कधी, लोकांनी पाहिला कधी. तीन. मी एकच आखला होता. ‘दायेरे-ये मीना’पुढे 1978 लिहिलं आणि त्यावर इमला रचला, की इराणच्या 1979 च्या क्रांतीचं वारं सुटलं म्हणून रक्ताच्या काळ्या धंद्यावर लिहायचं धाडस झालं. मागच्या रांगेतले एक काका शांतपणे म्हणाले, “सिनेमा आधीच तयार होऊन डब्यात पडला होता ना?” पडलाच होता, तीनेक वर्षं. डॉक्टर मंडळींचा विरोध होता, आणि साएदी स्वतः मनोविकारतज्ज्ञ! 1974 मध्ये तर सावाकने, म्हणजे इराणच्या शाहच्या गुप्त पोलिसांनी, त्याला उचललं होतं. म्हणजे धाडस वारं सुटायच्या आधीचं. माझा इमला तिथेच कोसळला.

‘गाव’चंही तेच: 1969 चा सिनेमा, सरकारी पैशातून बनलेला आणि सरकारनेच अडवलेला. ही गोष्ट चाळीस वर्षांपूर्वीची आहे, अशी पाटी सुरुवातीला लावायला लागली. दिग्दर्शक तगवाईचा ‘आरामेश दर हुजूर-ए दिगरान’ही असाच रखडला. म्हणून म्हणतो, तीन रकाने.

इराणी साल दिसलं की 621 मिळवा. तारीख जानेवारी ते नवरोज (मार्चमधलं इराणी नववर्ष) यांमधली असेल तर 622. साएदीचा जन्म 1314 चा, पण आपल्या हिशेबाने जानेवारी 1936, तब्रीझ. एखाद्या कागदावर 2535 दिसलं तर घाबरू नका. तो शाहने 1976 मध्ये आणलेला शक. हे आदल्या रात्री नको, आठवडाभर आधी करा.

पटकथा कुठे आणि नुसती कथा कुठे, तेही वेगळं लिहा. मेहरजुईबरोबर पटकथेत साएदीचा हात आहे; तगवाईने त्याची कथा घेतली. नाटकं ‘गोहर मुराद’ या टोपणनावाने आहेत, तो दुसरा माणूस नव्हे.

साएदीचा शेवट: पॅरिस, 1985, पेर लाशेजची दफनभूमी. दोन वाक्यं पुरेत.

प्रश्नोत्तरांना दहा मिनिटं ठेवा. काका येणार आहेत. रकाने खिशात असू द्या.