करवंदाचं बी वाळवू नका

मे महिन्यात बोरिवली स्टेशनबाहेर पानांच्या द्रोणात करवंदं घेऊन बायका बसतात. पोटभर खा, पण दहा-बारा पार काळी, बोटाला मऊ लागणारी फळं बाजूला ठेवा. रोपं त्यांचीच करायची. नॅशनल पार्कातून झुडूप उपटून आणायचं मनातही आणू नका. तिथून काही आणायला कायद्यानं बंदी आहे, आणि मुळं तुटलेली करवंद सहसा जगत नाही.

पहिल्या वर्षी मी बिया धुऊन वाळवल्या, काडेपेटीत भरल्या आणि पावसाची वाट पाहिली. एकही रुजली नाही. गावी आईला फोन केला तर म्हणाली, "अगं, वाळलेली आठळी कधी रुजते का? हेही तसंच." तेव्हापासून फळ फोडलं की त्याच दिवशी बी मातीत. आतून लाल निघालं तर कोंबडा, पांढरं निघालं तर कोंबडी, हा खेळ तेवढ्यात खेळून घ्यायचा. गर मात्र नीट धुवा, नाहीतर मुंग्या लागतात. चिकट चीक हाताला बसतो, म्हणून आधी खोबरेल चोळा.

दुधाच्या पिशवीला खाली भोकं पाडा. निम्मी लाल माती, बाकी जाड रेती आणि जुनं शेणखत. बी अर्धा इंच खोल. माती ओलसर हवी, चिखल नको. माझ्याकडे दोन-तीन आठवड्यांत कोंब आले. जुलैच्या झोडपणाऱ्या पावसात पिशव्या ग्रिलच्या आत, पत्र्याखाली घ्या. पाणी साचलं की रोपाची मान कुजते.

वीतभर रोप बारा इंची कुंडीत हलवा आणि सगळ्यात कडक उन्हाची जागा द्या. कातळाच्या सांदीत वाढणारं झाड आहे, रोज पाणी घालून त्याचा जीव घेऊ नका. काटे जोडीनं येतात. मुलांच्या डोळ्यांच्या उंचीवर कुंडी ठेवू नका.

नर्सरीत गुलाबी-पांढऱ्या मोठ्या फळांचं करवंद मिळतं. लोणच्याला छान, केकवरची लाल 'चेरी'ही बहुतेकदा त्याचीच. पण डोंगरच्या काळ्या मैनेची चव त्याला नाही.

कात्री फक्त फळं संपल्यावर, जूनमध्ये. फुलं फांदीच्या शेंड्याला येतात. थंडीत शेंडे छाटले तर त्या वर्षीचा बहर गेला. माझ्या झाडाला चौथ्या मार्चमध्ये फुलं आली. पांढरी, जाईसारखी, आणि संध्याकाळी वास थेट स्वयंपाकघरापर्यंत.