आजीच्या घरासारखं घर, भाड्याच्या वन बीएचकेमध्ये: काय आणायचं आणि काय नाही

आजकाल बघा, आयटीत काम करणारी पंचवीस-सत्तावीस वर्षांची पोरंपोरी भाड्याच्या फ्लॅटमध्ये पितळी हंड्यात झाडं लावतायत, खुर्चीवर गोधडी टाकतायत, आणि त्यांच्या आया कपाळाला हात लावतायत की अगं हेच सगळं आम्ही मोडीत घालून स्टीलचे डबे घेतले होते! अमेरिकेत याचंच एक व्हर्जन २०१९ मध्ये हाऊस ब्युटिफुल मासिकाने ग्रँडमिलेनियल म्हणून गाजवलं. तिथे फुलाफुलांचा वॉलपेपर, झालरीचे लॅम्प, चिनी मातीच्या प्लेटा वगैरे. आपल्या आजीकडे वॉलपेपर नव्हता, डिस्टेंपर होता, तोही पोपटी. त्यामुळे पिंटरेस्टवरून ते उचलून आणलंत तर घर आजीचं नाही, एखाद्या कॅफेचं वाटेल.

माझा यातला नियम एकच आहे, जी वस्तू आठवड्यातून एकदा तरी हाताळणार नाही ती आणू नका. आजीचं पितळ चकचकीत असायचं कारण ते रोज घासलं जायचं. नुसतं शेल्फवर ठेवलेलं पितळ पावसाळ्यात काळं पडतं आणि मग तुम्हीच त्याचा राग राग करायला लागता.

शॉपिंगला निघायच्या आधी गावी फोन लावा. माळा हा सगळ्यात स्वस्त अँटिक शॉप आहे. पण मागायची पण पद्धत असते हां. फॅमिली ग्रुपवर "आजीची परात कुणाला नको असेल तर मला द्या" असं टाकलंत तर ज्या काकांना वीस वर्षं त्या परातीची आठवण नव्हती त्यांना बरोब्बर त्याच दिवशी येते. त्यापेक्षा दिवाळीच्या साफसफाईला जा आणि म्हणा, "आत्या, माळ्यावरचं सगळं मी खाली काढून घासून देते, त्यातलं तू म्हणशील ते एखादं मी नेऊ का?" दोन तास चिंचेने हात काळे केल्यावर कुणी नाही म्हणत नाही. आणि जे मिळेल त्याचा फोटो काढून आजीला किंवा आत्यालाच विचारून घ्या ते कशासाठी वापरायचे, कारण घंगाळ म्हणजे अंघोळीच्या पाण्याचं भांडं, त्यात तुम्ही पाहुण्यांना सॅलड वाढलंत तर घरातली मोठी माणसं तोंडावर काही बोलणार नाहीत पण पुढची दहा वर्षं प्रत्येक लग्नात तो किस्सा सांगतील.

माळ्यावर काही नाही मिळालं तर बाजार. पुण्यात जुना बाजार बुधवारी आणि रविवारी भरतो, मुंबईत चोर बाजारातली मटन स्ट्रीट, पण तिथे शुक्रवारी जाऊ नका, अँटिकवाल्यांची दुकानं बंद असतात. जाताना खिशात एक छोटं लोहचुंबक ठेवा, फ्रिजवर चिकटवतो तसलं चालेल. पितळ आणि तांब्याला चुंबक चिकटत नाही, चिकटलं तर आत लोखंड आहे आणि वर नुसता मुलामा. मग भांड्याचे काठ बघा. जुन्या भांड्यांवर नावं घातलेली असतात, छिन्नीने ठोकून ठोकून ठिपक्याठिपक्यांनी काढलेली अक्षरं, थोडी वाकडी, ओळ शेवटाकडे चढत गेलेली, आणि लग्नातलं असेल तर "चि. सौ. कां." आणि तारीख. अंगठा फिरवला की ते ठिपके बोटाला लागतात. मशीनने कोरलेलं नाव गुळगुळीत, एकसारखं असतं. नाव असलेलं भांडं मला तरी जास्त आवडतं, कुणाचं तरी आहे हे माहीत असतं, पण काही जणांना दुसऱ्याच्या नावाचं घरात नको वाटतं, तेही बरोबरच आहे. भाव करताना आधी वजन विचारा आणि त्या दिवशीचा पितळेचा मोडीचा भाव फोनवर बघून ठेवा, त्यावर किती वाढवून द्यायचे ते मग तुम्ही ठरवा.

नवीनच घ्यायचं असेल तर पुण्यात कसबा पेठेतल्या तांबट आळीत जा. तांबट लोक तांब्याच्या पत्र्यावर हातोडीने ठोकून जे मठारकाम करतात, ते छोटे छोटे चकाकणारे खळगे, ते फॅक्टरीत पण प्रेसने उठवतात, पण हाताचं असेल तर दोन खळगे सारखे नसतात, जवळ धरून बघा. महाग असतं. पण घासाघीस करायच्या आधी पाच मिनिटं तिथे उभं राहून तो आवाज ऐका, मग तुम्हालाच भाव कमी करा म्हणायची लाज वाटेल.

साफ करायला चिंच किंवा लिंबू-मीठ, नाहीतर सरळ पितांबरी. घासल्यावर लगेच भरपूर पाण्याने धुवायचं आणि लगेच कोरड्या फडक्याने पुसायचं, आंबट तसंच राहिलं तर पितळेवर गुलाबी-तांबूस डाग पडतात आणि ते सहज जात नाहीत. आणि हे महत्त्वाचं, पितळेच्या भांड्यात स्वयंपाक करायचा असेल, खासकरून ताक, चिंच, टोमॅटो असलं काही, तर आतून कल्हई, म्हणजे कथिलाचा पातळ थर, हवीच. कल्हईवाला भांडं तापवून आत नवसागर टाकतो, धूर येतो, मग कथिल फिरवून कापसाने पुसतो आणि दोन सेकंदात आतलं पिवळं भांडं चांदीसारखं होतं, मुलं असतील तर दाखवाच. शहरात कल्हईवाला दारावर येत नाही आता, जुन्या पेठेतल्या भांड्यांच्या दुकानात विचारलं तर ते पत्ता देतात. फक्त झाडं लावायची असतील तर कल्हईची गरज नाही, पण कुंडी थेट आत ठेवा, माती भरू नका, आणि तांब्यापितळेच्या भांड्याला भोक तर अजिबात पाडू नका प्लीज.

आता गोधडी. यावर मी जरा जास्त बोलणार आहे कारण सगळ्यात जास्त गंडवागंडवी इथे चालते. ऑनलाइन गोधडी म्हणून जे मिळतं ते बऱ्याचदा नवीन प्रिंटेड कापड, आत पॉलिस्टरची वॅडिंग आणि मशीनची शिलाई. ती रजई आहे. गोधडी (कोल्हापूर-साताऱ्याकडे वाकळ) म्हणजे जुन्या सुती साड्या-धोतरांचे थर एकावर एक आणि हाताचा धावदोरा, आत कापूस नाही काही नाही, म्हणूनच ती उन्हाळ्यातसुद्धा अंगावर घेता येते.

घरी करायची असेल तर हिशोब सोपा आहे. नऊवारी साडी म्हणजे साधारण सव्वाआठ मीटर. तिचे चार सारखे तुकडे केले की प्रत्येक तुकडा पावणेसात फुटाच्या आसपास लांब आणि पन्हा, म्हणजे कापडाची रुंदी, पावणेचार फूट, म्हणजे आजीच्या एका सुती नऊवारीत सिंगल बेडची चार थरांची गोधडी आरामात होते, वेगळं काही लागत नाही. डबल बेडला दोन साड्या, पन्ह्याला पन्हा जोडून. साड्या आधी धुऊन वाळवून घ्या, आणि लाल किंवा गडद रंगाची असेल तर वेगळी बादलीत भिजवून बघा रंग जातो का, जात असेल तर पाणी स्वच्छ निघेपर्यंत धूत राहा, नाहीतर पहिल्याच धुण्यात सगळी गोधडी गुलाबी. फॉल काढून टाका. मग फरशीवर सगळे थर पसरा, सुरकुत्या हाताने बाहेरच्या बाजूला सारत सारत, आणि मोठे कच्चे टाके घालून घ्या, हे टाळलंत तर अर्ध्यात गेल्यावर खालचा थर गोळा झालेला सापडतो आणि मग उसवण्याशिवाय पर्याय नसतो. सगळ्यात झिजलेला तुकडा आत, बरा वर, काठ शक्यतो कडेला येईल असा. मग कडेपासून सुरुवात करून चौकोनात आत आत येत धावदोरा, दोन ओळींत दोनेक बोटांचं अंतर. टाके वाकडे येऊ द्या, चार-पाच ओळींनंतर हाताला लय सापडते. वेळ भरपूर लागतो, वेबसिरीजचा एखादा सीझन सहज संपतो.

शिवून घेणार असाल तर गावाकडे आणि शहरातही गोधड्या शिवून देणाऱ्या बायका आहेत, कामवाल्या मावशींना विचारा, त्यांना नाहीतर त्यांच्या बहिणीला येतंच. पण दिवसाची मजुरी धरून पैसे द्या. ब्रँडेड थ्रो ब्लँकेटला चार हजार देणारी माणसं मावशींपुढे पाचशेवर अडतात, हे बघून माझं डोकं फिरतं. धुताना लक्षात ठेवा, ओली गोधडी प्रचंड जड होते, छोट्या वॉशिंग मशीनमध्ये कोंबू नका, मोटर जाईल, बाथरूममध्ये पायाने तुडवून धुवा आणि गच्चीच्या कठड्यावर टाका.

साडीचे पडदे सगळ्यांनाच करायचे असतात. पाचवारी साडी अठरा फुटांच्या आसपास असते, दरवाजाचा सात फुटी पडदा वर-खाली दुमड धरून साडेसात, म्हणजे एका साडीत दोन पडदे आणि वर तीनेक फूट उरतं त्यात उशीचे अभ्रे. पण सुतीच घ्या, आत अस्तर लावा. रेशमी साडी उन्हात विरते, दोन उन्हाळ्यात हात लावला की फाटेल अशी होते. आणि पैठणी कापायचा विचार ज्याच्या मनात येतो त्याने आधी घरातल्या सगळ्या मावश्यांना एकत्र बोलावून सांगावं, पुढचं त्या बघतील. आजीची भारी साडी मिळालीच असेल तर ती मऊ सुती फडक्यात बांधून ठेवा, प्लास्टिकच्या पिशवीत नको, अधूनमधून घडी मोडून दुसरीकडून घाला नाहीतर घडीवरच चिरते, आणि डांबरगोळ्या जरीला टेकू देऊ नका.

खणाचे अभ्रे करायचे तर खरा खण कर्नाटकातल्या बागलकोट जिल्ह्यातल्या गुळेदगुड्डचा, पन्हा लहान असतो. बाजारात खणाची नक्षी छापलेलं पॉलिस्टर ढिगाने आहे. कडेचा एक धागा ओढून सिंकवर जाळून बघा, सुती धाग्याची राख होते आणि जळक्या कागदाचा वास येतो, पॉलिस्टर वितळून त्याचा कडक मणी बनतो. दुकानात मात्र हा प्रयोग करू नका, तुकडा मागून घ्या.

फर्निचरचं थोडक्यात. सोफा घेऊच नका, जाड गादी, दोन लोड, दोन तक्के आणि वर सोलापुरी चादर अशी बैठक टाका, स्वस्त पडते, पाहुणे झोपतात आणि घर बदलताना टेम्पोत कोपऱ्यात मावते. जुनं लाकडी कपाट किंवा फडताळ घेताना ते हलवून खालची फरशी बघा, बारीक पिठासारखा भुसा पडला असेल तर आत कीड जिवंत आहे, कितीही सुंदर असो, सोडून द्या. जुनं पॉलिश बहुतेक लाखेचं असतं, त्यावर गरम चहाचा कप ठेवला की पांढरं वर्तुळ उमटतं, तेव्हा बश्या वापरा, आजी त्यासाठीच ओरडायची. झोपाळा भाड्याच्या घरात फक्त स्लॅबमध्ये आधीपासून कड्या असतील तरच, आणि त्याही गंजल्यात का ते कुणाला तरी दाखवून. फॉल्स सीलिंगला झोपाळा लावतो म्हणणारा कारागीर भेटला तर त्याला चहा पाजून परत पाठवा.

जुन्या बिल्डिंगमध्ये घर घेतलं असेल आणि खाली मोझेक किंवा नक्षीची सिमेंट टाइल असेल तर तुम्ही जिंकलात. त्यावर व्हिनाइल चिकटवू नका, आणि ॲसिडने तर धुऊच नका, ॲसिड सिमेंट खातं. ट्यूबलाइट बंद करून २७०० केल्विनचे वॉर्म बल्ब लावा, पितळ पांढऱ्या उजेडात हॉस्पिटलसारखं दिसतं.

भिंतीवर राजा रविवर्म्याची लक्ष्मी-सरस्वती लावायची तर जुनी म्हणून विकली जाणारी बरीच चित्रं कालची असतात. त्याचा छापखाना १८९४ मध्ये मुंबईत सुरू झाला आणि नंतर लोणावळ्याजवळ मळवलीला गेला, तिथले प्रिंट शिळाछापाचे, म्हणजे दगडावरून छापलेले. भिंगातून बघा, शिळाछापात ठिपके लहानमोठे, विखुरलेले, हाताने दिल्यासारखे दिसतात, आजच्या ऑफसेटमध्ये त्यांची एकसारखी जाळी असते. नवीन असलं तरी लावा की, फक्त जुन्याचे पैसे देऊ नका.

राहता राहिली शोकेस. वर मी मोठ्या तोऱ्यात म्हटलं की आजीकडे सगळं वापरातलं होतं, पण हॉलमधली ती काचेची शोकेस विसरून कसं चालेल? आग्र्याचा संगमरवरी ताजमहाल, कन्याकुमारीचा शिंपल्यांचा गणपती, मोत्यांचा हंस, दुसुतीवर भरलेला पोपट, आणि कुलूप. तिला कुणी हात लावायचा नाही. तर एक कप्पा, फक्त एक, तुमच्याही घरात असा ठेवा जिथे टेस्ट वगैरे काही चालणार नाही, ट्रिपवरून आणलेला कचरा आणि ऑफिसातली ट्रॉफी सगळं तिथे. आत्या घरी आली की तुमचं मठारकाम सोडून सरळ तिकडेच जाईल आणि विचारेल, हा हंस कुठून आणलास गं?