महिला फुटबॉलमध्ये बचावपटू म्हणून कारकीर्द कशी घडवावी

अमेरिकेच्या बेकी सॉअरब्रनने आपल्या देशासाठी २१९ आंतरराष्ट्रीय सामने खेळले आणि त्यांत एकही गोल केला नाही. तरीही तिच्या नावावर २०१२ चे ऑलिंपिक सुवर्णपदक आणि २०१५ व २०१९ ही दोन विश्वविजेतेपदे आहेत. अमेरिकेच्या व्यावसायिक लीगमधील सर्वोत्तम बचावपटूचा पुरस्कार तिने चार वेळा मिळवला, आणि २०१५ च्या विश्वचषकात ती ज्या बचावफळीत खेळत होती, त्या फळीने सलग पाच सामने प्रतिस्पर्धी संघाला गोल करू दिला नाही. बचावपटू होऊ इच्छिणाऱ्या मुलीने आणि तिच्या पालकांनी ही कारकीर्द सुरुवातीलाच नीट समजून घ्यावी. या जागेवरच्या खेळाडूचे काम गुणफलकावर दिसत नाही, वर्तमानपत्रातल्या चार ओळींच्या वृत्तातही येत नाही. त्यामुळे उत्तम खेळ करणे आणि त्या खेळाचा पुरावा स्वतः जपणे, अशी दोन्ही कामे तिलाच करावी लागतात. पुढील मार्गदर्शन मुख्यतः महाराष्ट्रातील मुलींना डोळ्यांसमोर ठेवून केले आहे.

जागा ठरवण्याची घाई करू नका

आपल्याकडे अनेक मैदानांवर उंच मुलीला किंवा पळण्यात थोडी मागे पडणाऱ्या मुलीला पहिल्याच आठवड्यात मागे उभे केले जाते आणि पुढची अनेक वर्षे ती तिथेच राहते. ही पद्धत मला चुकीची वाटते. तेरा-चौदा वर्षांपर्यंत मुलीने मधल्या फळीत आणि आघाडीवरही खेळावे, कारण आघाडीपटू कोणत्या क्षणी कोठे वळते हे स्वतः आघाडीवर खेळल्याशिवाय अंगात मुरत नाही. अमेरिकेची केली ओहारा स्टॅनफर्ड विद्यापीठाकडून आघाडीवर खेळली, २००९ मध्ये तिने महाविद्यालयीन फुटबॉलमधील सर्वोच्च वैयक्तिक पुरस्कार मिळवला, आणि नंतर राष्ट्रीय संघात ती फुलबॅक, म्हणजे बचावफळीच्या कडेची खेळाडू, झाली. २०१२ च्या ऑलिंपिकमध्ये ती या नव्या जागेवर प्रत्येक मिनिट खेळली.

फुलबॅक आणि सेंटर बॅक यांच्या गरजा वेगळ्या आहेत. फुलबॅकला टचलाइनलगत, म्हणजे मैदानाच्या लांब कडेच्या रेषेलगत, वर-खाली पुन्हा पुन्हा धावण्याचा दम आणि चांगला क्रॉस, म्हणजे कडेवरून गोलसमोर टाकलेला पास, हवा, तर फळीच्या मधोमध खेळणाऱ्या सेंटर बॅकला हवेतील चेंडूवर ताबा, शांत डोके आणि संपूर्ण मैदान वाचण्याची सवय हवी. डाव्या पायाने सहज खेळणारी बचावपटू दोन्ही जागांवर दुर्मीळ असते. त्यामुळे उजव्या पायाच्या मुलीनेही डाव्या पायाने लांब पास देण्याचा सराव लहानपणापासून रोज करावा.

मैदानावरचे मूळ काम

चेंडू घेऊन धावत येणाऱ्या आघाडीपटूसमोर पहिले काम तिला मंदावणे हे असते. चेंडू हिसकावणे नंतर येते. तिच्यासमोर सरळ छाती करून उभे राहू नका. अंग अर्धे वळलेले, गुडघे वाकलेले आणि भार चवड्यांवर असा पवित्रा घ्या, लहान पावलांनी मागे सरका आणि तिला टचलाइनकडे किंवा तिच्या कमकुवत पायाकडे वळवत न्या. या अवधीत तुमच्या सहकारी परत येतात. तिचा स्पर्श थोडा जड झाला आणि चेंडू पायापासून सुटला, की त्याच क्षणी आत शिरा. स्लायडिंग टॅकल, म्हणजे जमिनीवर घसरत चेंडू काढून घेणे, हा शेवटचा उपाय समजावा, कारण जमिनीवर गेलेली बचावपटू काही क्षण खेळाबाहेर असते आणि पेनल्टी क्षेत्रात चूक झाली तर थेट पेनल्टी जाते. प्रेक्षक स्लायडिंग टॅकलला टाळ्या देतात, पण निवड समितीतील जाणकार व्यक्ती तो टॅकल करण्याची वेळ मुळात का आली, हे पाहत असते.

दुसरे कौशल्य मान फिरवण्याचे आहे. चेंडू दूर असताना बचावपटूने खांद्यावरून मागे सतत पाहावे आणि शक्य तितका वेळ चेंडू व आपण अडवायची प्रतिस्पर्धी आघाडीपटू हे दोन्ही नजरेच्या टप्प्यात राहतील असे उभे राहावे. बचावफळी वर कधी न्यायची आणि मागे कधी आणायची, याचा सर्वांत उपयोगी नियम असा आहे की चेंडू असलेल्या प्रतिस्पर्धी खेळाडूवर दबाव नसेल आणि तिची मान वर असेल तर फळीने मागे सरकावे, आणि तिने चेंडू मागे खेळला किंवा ती दबावाखाली पाठमोरी झाली तर सर्वांनी एकत्र वर यावे. चौघींपैकी एक जण जरी मागे राहिली, तरी ऑफसाइडचा सापळा, म्हणजे प्रतिस्पर्धी आघाडीपटूला फळीच्या मागे नियमबाह्य जागी पकडण्याची चाल, फसतो.

यासाठी आवाज लागतो. आपल्या घरांत आणि शाळांत मुलींना हळू बोलण्याचे वळण लावले जाते. मैदानात मात्र सेंटर बॅकने संपूर्ण वेळ स्पष्ट व मोठ्या आवाजात सूचना द्यायच्या असतात, आणि अनेक गुणी मुली नेमक्या इथे अडखळतात. ‘मागे आहे’, ‘वर चला’, ‘एकटी आहेस’, ‘सोड’ असे मोजके शब्द संघात आधी ठरवून घ्या आणि सरावातही ते न चुकता वापरा. प्रशिक्षकांनी या सवयीकडे शारीरिक तंदुरुस्तीइतकेच लक्ष द्यावे.

पास देण्याच्या कौशल्याचे मोल अलीकडे फार वाढले आहे. २०१९ मध्ये नियम बदलला आणि गोलकिक घेतल्यावर चेंडू पेनल्टी क्षेत्राबाहेर जाण्याआधीच सहकाऱ्याला तो खेळण्याची मुभा मिळाली. त्यामुळे आक्रमणाची पहिली पायरी बहुतेक वेळा सेंटर बॅकच्या पायाशी असते. जानेवारी २०२५ मध्ये सॅन डिएगो वेव्हकडून चेल्सीत गेलेली नेओमी गर्मा ही दहा लाख डॉलरहून अधिक हस्तांतर शुल्क मोजलेली पहिली महिला फुटबॉलपटू ठरली, आणि ती सेंटर बॅक आहे. तिच्या खेळाच्या चित्रफिती पाहताना तिने किती टॅकल केले हे मोजण्याऐवजी पास येण्याआधी तिचे अंग कोणत्या दिशेला उघडे असते, याकडे लक्ष द्या.

हेडरचा, म्हणजे डोक्याने चेंडू खेळण्याचा, सराव मात्र बेताने करावा. अमेरिकेच्या फुटबॉल महासंघाने दहा वर्षांपर्यंतच्या मुलांना हेडर पूर्णपणे बंद केला आणि अकरा ते तेरा या वयोगटात त्याच्या सरावावर मर्यादा घातली. आपल्या प्रशिक्षकांनीही हलक्या चेंडूने, उघड्या डोळ्यांनी आणि कपाळाने चेंडू खेळण्याचे तंत्र आधी शिकवावे.

स्वयंगोलानंतरही पुढचा सामना असतो

३० ऑक्टोबर २०२२ रोजी नवी मुंबईच्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर १७ वर्षांखालील मुलींच्या विश्वचषकाची अंतिम लढत झाली. स्पेनने कोलंबियाला १–० असे हरवले आणि तो एकमेव गोल कोलंबियाची बचावपटू आना मारिया गुझमान हिच्याकडून झालेला स्वयंगोल होता. पुढच्याच वर्षी ऑगस्टमध्ये ती वरिष्ठ विश्वचषकात उतरली, आणि मेलबर्नमध्ये जमैकाविरुद्धच्या बाद फेरीत तिने दिलेल्या लांब पासवर कातालिना उस्मेने विजयी गोल केला. बचावपटूची चूक सर्वांना दिसते आणि तिने वाचवलेले प्रसंग विसरले जातात. म्हणून प्रत्येक सामन्यानंतर, भावना शांत झाल्यावर, गोल कसा झाला हे पाच-सहा पास मागे जाऊन तपासण्याची शिस्त लावून घ्या. दोष बहुधा शेवटच्या स्पर्शात नसतो. तो आधीच्या कोणत्या तरी चुकलेल्या जागेत असतो, आणि ती जागा पुढच्या सरावात सुधारता येते.

शरीराची काळजी

गुडघ्यातील एसीएल हा अस्थिबंध तुटण्याचा धोका मुलींना मुलांपेक्षा कितीतरी जास्त असतो, आणि वेगात दिशा बदलणाऱ्या बचावपटूला त्याची विशेष भीती असते. गर्माचा एसीएल विद्यापीठात असताना तुटला होता. इंग्लंडची कर्णधार लेआ विल्यमसन याच दुखापतीमुळे २०२३ चा विश्वचषक खेळू शकली नाही, पण २०२५ मध्ये तिच्याच नेतृत्वाखाली इंग्लंडने युरोपीय विजेतेपद राखले. ‘फिफा ११+’ नावाचा सुमारे वीस मिनिटांचा सराव या दुखापती कमी करतो. त्यात धावणे, ताकद, तोल आणि उडी मारून नीट उतरणे यांचे व्यायाम आहेत, त्याला यंत्रे लागत नाहीत, आणि आठवड्यातून किमान दोनदा तो करावा लागतो. तुमच्या संघात तो होत नसेल, तर वीस मिनिटे आधी मैदानावर जाऊन मैत्रिणींसह स्वतः करा.

रक्तातील हिमोग्लोबिन वर्षातून एक-दोनदा तपासून घ्या. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या पाचव्या फेरीत १५ ते ४९ वयोगटातील ५७ टक्के भारतीय स्त्रियांमध्ये रक्तक्षय आढळला होता. दम पुरत नाही म्हणून मागे पडणाऱ्या मुलीला अनेकदा सरावापेक्षा उपचारांची गरज असते. मासिक पाळी सलग काही महिने बंद झाल्यास तो कठोर मेहनतीचा चांगला परिणाम समजू नये आणि डॉक्टरांना दाखवावे.

महाराष्ट्रातून वर जाण्याची वाट

शालेय स्पर्धा आणि १७ वर्षांखालील मुलींचा सुब्रोतो चषक ही पहिली पायरी आहे. त्यानंतर जिल्हा संघटनेशी संलग्न क्लबमध्ये नाव नोंदवावे, कारण अखिल भारतीय फुटबॉल महासंघाच्या ऑनलाइन नोंदणी प्रणालीत खेळाडूची नोंद क्लबमार्फत होते. जन्मदाखल्यावरील नाव आणि तारीख शाळेच्या व आधारच्या नोंदीशी तंतोतंत जुळते का, हे आधीच पाहा. राज्यातील फुटबॉलचा कारभार वेस्टर्न इंडिया फुटबॉल असोसिएशन, म्हणजे ‘विफा’, पाहते. वरिष्ठ राज्य संघात निवड झाल्यास राष्ट्रीय स्पर्धेत खेळता येते, आणि त्या स्पर्धेचा चषक राजमाता जिजाबाईंच्या नावाचा आहे.

व्यावसायिक पातळी म्हणजे इंडियन विमेन्स लीग आणि तिची दुसरी श्रेणी. ही लीग २०१६–१७ मध्ये सुरू झाली. महाराष्ट्रातून एफसी कोल्हापूर सिटीसारखे संघ तिच्यात खेळून गेले आहेत. तरीही महिला फुटबॉलचे खरे बळ मणिपूरसारख्या राज्यांत आहे आणि गुणी मुलीला राज्याबाहेर जाण्याची तयारी ठेवावी लागते. २०२४ मध्ये शंभर आंतरराष्ट्रीय सामने पूर्ण करणारी पहिली भारतीय महिला फुटबॉलपटू ठरलेली आशालता देवी मणिपूरचीच आहे आणि तीही बचावपटू आहे. परदेशी विद्यापीठाचा मार्गही खुला आहे. दिल्लीची फुलबॅक दलिमा छिब्बर कॅनडातील मॅनिटोबा विद्यापीठाकडून खेळली.

चाचणीला जाताना स्वतःची चित्रफीत सोबत ठेवावी, आणि ती कशी असावी याकडे बहुतेक मुली दुर्लक्ष करतात. आघाडीपटूला गोलांचे तुकडे जोडून काम भागते, पण बचावपटूचे कौशल्य चेंडू नसताना दिसते. म्हणून गॅलरीतून किंवा उंच जागेवरून, संपूर्ण बचावफळी दिसेल अशा रीतीने एक-दोन पूर्ण सामने चित्रित करून घ्या आणि त्यांसोबत तीन-चार मिनिटांची निवडक चित्रफीत जोडा. एका वहीत प्रत्येक सामन्याची तारीख, जागा, खेळलेली मिनिटे, प्रतिस्पर्धी आघाडीपटूचा प्रकार आणि झालेल्या गोलांची कारणे लिहा. दोन हंगामांनी हीच वही प्रशिक्षकासमोर तुमच्या बाजूने बोलते.

करार आणि पोटापाण्याचा विचार

सॉअरब्रन ज्या लीगमधून व्यावसायिक झाली ती २०१२ मध्ये बंद पडली. २०१३ मध्ये सुरू झालेल्या नव्या लीगमध्ये किमान वेतन हंगामाला ६,००० डॉलर होते. खेळाडूंच्या संघटनेने २०२४ मध्ये केलेल्या करारानंतर २०२५ साठी ते ४८,५०० डॉलर झाले. भारतात महासंघाने २०२३ मध्ये अव्वल श्रेणीतील क्लबांना किमान दहा भारतीय खेळाडूंशी वर्षाला निदान ३.२० लाख रुपयांचे करार करण्याचे बंधन घालण्याचे ठरवले. ही रक्कम संसार चालवण्यास पुरेशी नाही, हे पालकांनी स्पष्टपणे लक्षात घ्यावे. पदवीचे शिक्षण सोडू नये. रेल्वे व पोलीस दलांतील खेळाडूंच्या भरतीवर आणि राज्य शासनाच्या नोकऱ्यांतील पाच टक्के क्रीडा आरक्षणावर लक्ष ठेवावे, आणि सहभागाचे प्रत्येक मूळ प्रमाणपत्र जपून ठेवावे.

करार लेखी असल्याशिवाय क्लबसाठी खेळू नका. त्यात कालावधी, वेतनाच्या तारखा, राहण्या-जेवणाची सोय आणि विशेषतः दुखापतीच्या काळातील वेतन, शस्त्रक्रियेचा खर्च व त्यानंतरच्या फिजिओथेरपीची जबाबदारी कोणाची, हे लिहिलेले असावे. फिफाच्या नियमांनुसार अठरा वर्षांखालील खेळाडूशी तीन वर्षांहून अधिक काळाचा करार करता येत नाही, आणि काही अपवाद वगळता परदेशी क्लबमध्ये नोंदणी अठरा पूर्ण झाल्यावरच होते. त्यामुळे सोळा वर्षांच्या मुलीला परदेशी क्लबचे आमिष दाखवून पैसे मागणाऱ्या व्यक्तीला घरातूनच नकार द्यावा. एजंटकडे फिफाचा परवाना आहे की नाही, हे आधी तपासावे. गरोदरपणामुळे करार मोडता येत नाही आणि किमान चौदा आठवड्यांची सवेतन रजा द्यावी लागते, हा नियम २०२१ पासून आहे. खेळाडू आणि आई या दोन्ही भूमिका एकत्र निभावता येतात: अमेरिकेची सेंटर बॅक क्रिस्टी रॅम्पोन दोन मुलींची आई होती, ३११ आंतरराष्ट्रीय सामने खेळली आणि २०१५ च्या विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात चाळिसाव्या वर्षी मैदानात उतरली.

वेग कमी होत गेला तरी खेळ वाचण्याची क्षमता वाढत राहते, म्हणून बचावपटूची कारकीर्द आघाडीपटूपेक्षा लांबू शकते. या काळातच, शक्यतो पंचविशीच्या आसपास, महासंघाचा प्रशिक्षकाचा प्राथमिक परवाना घेऊन टाकावा आणि हंगाम संपल्यावर गावातील किंवा शाळेतील मुलींना शिकवावे. फळी वर का न्यायची हे बारा वर्षांच्या मुलीला समजावून सांगताना स्वतःचे निर्णयही अधिक नेमके होतात, आणि खेळणे थांबेल तेव्हा पुढचे काम आधीच सुरू झालेले असते.