स्वस्त एअर पिस्तुलानं १० मीटरवर नेमबाजी कशी शिकावी

मनू भाकरनं २०२४ साली पॅरिसमध्ये दोन कांस्यपदकं जिंकली आणि स्वप्निल कुसाळेनं कोल्हापूरला ऑलिंपिक पदक आणलं. तेव्हापासून गोव्यातही पिस्तुलाची चौकशी करणारे वाढले आहेत. बहुतेकांचा पहिला प्रश्न 'कुठलं घेऊ?' हा असतो, आणि उत्तर द्यायला दहाजण तयार असतात. मोरिनी घ्या, स्टायर घ्या (या स्पर्धेच्या पिस्तुलांच्या परदेशी कंपन्या), दीड-दोन लाख गेले तरी चालतील, पण एकदाच काय ते चांगलं घ्या म्हणे. हा सल्ला नवशिक्याच्या काहीही कामाचा नाही. नवशिक्याच्या गोळ्या कागदभर पसरतात त्या बोटामुळे. महागडं पिस्तूल घेतलं तरी बोट तेच राहतं.

हा लेख १० मीटर एअर पिस्तुलाबद्दल आहे. ज्यांना .३२चं रिव्हॉल्व्हर हवंय त्यांचा रस्ता जिल्हाधिकारी कार्यालयातून आणि शस्त्र परवान्यातून जातो, तो विषय वेगळा. मात्र हात आणि डोळा घडवायचा असेल तर त्यांनीही सुरुवात इथूनच करावी. ४.५ मि.मी. बोअरच्या (नळीच्या आतल्या व्यासाच्या) आणि २० ज्यूलपेक्षा कमी ताकदीच्या हवाई शस्त्राला २०१६च्या शस्त्र नियमांनुसार परवाना लागत नाही. विक्रेता ओळखपत्र आणि पत्त्याचा पुरावा घेतो. तो मागत नसेल तर दुकान बदला.

काय घ्यावं

सिंगल-स्ट्रोक, म्हणजे दर गोळीला एकदा लिव्हर मारून हवा भरायची, असं पिस्तूल घ्या. सिलिंडर भरून आणायची कटकट नाही, आणि पहिली गोळी नि शेवटची गोळी एकाच ताकदीनं जातात. साइट म्हणजे नळीवरची नेम धरायची खूण: पुढे एक उभी पट्टी, मागे एक खाच. मागची साइट वर-खाली आणि डावी-उजवी सरकवता येते का, ते दुकानातच बघा. ट्रिगर दोन टप्प्यांचा आहे का, म्हणजे आधी हलका सरकतो, मग बोट अडतं आणि त्यापुढच्या दाबानं गोळी सुटते का, तेही बघा. या दोन गोष्टी असल्या की पुरे.

गॅसच्या छोट्या नळकांडीवर चालणारी, सिनेमातल्या पिस्तुलासारखी दिसणारी आणि लोखंडी छर्रे उडवणारी खेळणी मात्र घेऊ नका. त्यांच्या नळीला आटे नसतात, त्यामुळे छर्रा कुठे जाईल त्याचा भरवसा नाही. टणक जागी आपटला की तो तुमच्याकडेच परत येतो. पेलेट, म्हणजे एअर पिस्तुलाच्या गोळ्या, शिशाचेच आणि चपट्या डोक्याचे घ्यावेत. ते कागदाला स्वच्छ गोल भोक पाडतात, म्हणून गुण मोजताना वाद होत नाही. शिसं आहे, तेव्हा सराव झाला की साबणानं हात धुतल्याशिवाय चहाचा कप उचलायचा नाही.

सुरक्षितता

चार ओळींत सांगतो, कारण यात चर्चेला जागा नाही. नळी कायम टार्गेटच्या दिशेला. पिस्तूल टार्गेटकडे रोखेपर्यंत बोट ट्रिगरच्या बाहेर. पिस्तूल रिकामं आहे असं कोणी सांगितलं तरी स्वतः उघडून बघायचं. 'स्टॉप' ऐकू आलं की पिस्तूल टेबलावर ठेवायचं, मग अर्धा नेम लागलेला असो की पूर्ण.

पिस्तूल वापरात नसताना नळीतून आरपार भडक रंगाची दोरी घालून ठेवायची असते, म्हणजे ते रिकामं असल्याचं लांबूनही दिसतं. तयार दोरी मिळते. पण गवत कापायच्या यंत्राची केशरी नायलॉन दोरी अगदी तेच काम करते, फक्त ती नळीतून सहज जाईल एवढी बारीक निवडा. पावसाळ्यात आपल्याकडे प्रत्येक हार्डवेअरच्या दुकानात तिचं भेंडोळं टांगलेलं असतं. दोन्ही बाजूंना वीतभर बाहेर राहील एवढी कापा.

घरी सराव करायचा तर पेलेट अडवणारी लोखंडी पेटी हवी, मागे सलग भिंत हवी आणि त्या खोलीला दुसरं दार नको. चष्मा लावायचाच. पिस्तूल स्कूटरवरून पिशवीतून न्यायचं नाही, कुलूपबंद पेटीतून न्यायचं. वाड्यावर एकदा बातमी पसरली की विचारणा येतेच: "काजींत माकडां येतात, एक दीस हाड मरे ती." (काजूच्या बागेत माकडं येतात, एक दिवस ते पिस्तूल आण रे.) साफ नाही म्हणा. वन्यप्राण्यांवर एअर गन चालवणं हा १९७२च्या वन्यजीव संरक्षण कायद्याखाली गुन्हा ठरू शकतो. शिवाय या पिस्तुलाच्या पाच-सहा ज्यूलमध्ये माकड मरत नाही, जखमी होऊन कुठेतरी कुजत बसतं.

उभं राहणं आणि पकड

पाय खांद्याइतके फाकवा, अंग टार्गेटला आडवं ठेवा, डावा हात खिशात घाला. डोळे मिटून हात उचला आणि डोळे उघडा. हात टार्गेटच्या डाव्या-उजव्या बाजूला गेला असेल तर मनगट वळवू नका, मागचा पाय सरकवा.

पकडीत मधली दोन बोटं मूठ सरळ मागे ओढतात आणि अंगठा नुसता टेकलेला असतो. स्वस्त पिस्तुलाची लाकडी मूठ तुमच्या हाताची नसते. जिथे पोकळी राहते तिथे एम-सील भरा, ओलं असतानाच पकडून बोटांचे ठसे उमटवा आणि वाळल्यावर पॉलिशपेपरनं घासा. दिसायला वाईट दिसतं, पण पकड रोज एकसारखी बसते.

डावा डोळा मिटू नका. मिटला की काही मिनिटांत उजवाही थकतो. चष्म्याच्या डाव्या काचेवर पांढऱ्या कागदाचा तुकडा चिकटवा आणि दोन्ही डोळे उघडे ठेवा.

साइट आणि बोट

आता खरी पायरी. मला सगळ्यांत जास्त छळलं ते इथेच, आणि सगळ्यांत वाईट सल्लाही इथेच मिळतो. 'हात स्थिर ठेवा' हा तो सल्ला. एका हातात किलोभराचं पिस्तूल सरळ धरल्यावर हात हलणारच. ऑलिंपिकमध्ये खेळणाऱ्यांचाही हलतो, आपल्याइतका नाही एवढंच. ते हलणं बंद करायच्या मागे लागलात की पुढे काय होतं ते बघा: साइट टार्गेटवरच्या काळ्या गोलाखाली येते, सुटते, परत येते, आणि ती आली त्या क्षणी मेंदू ओरडतो 'आत्ता!' बोट झटका देतं. उजव्या हाताच्या माणसाची गोळी डावीकडे खाली जाते.

आधी हिशेब समजून घ्या, त्यानं भीती जाते. पिस्तुलाच्या दोन साइटमधलं अंतर साधारण ३२ सें.मी. असतं आणि टार्गेट १० मीटरवर. पूर्ण हात न वळता ५ मि.मी. डावीकडे सरकला, तर गोळीही ५ मि.मी.च डावीकडे जाते. दहा गुणांच्या, म्हणजे मधल्या, वर्तुळाचा व्यास ११.५ मि.मी. आहे, म्हणजे दहा मिळाले. आता हात जागेवर आहे, पण बोटाच्या झटक्यानं पुढची साइट मागच्या साइटच्या खाचेत फक्त १ मि.मी. डावीकडे गेली. अंतराच्या प्रमाणात ही चूक तीस पटींहून जास्त वाढते, आणि गोळी मध्यापासून सुमारे ३१ मि.मी. लांब, काळ्या गोलाच्या काठावर पडते. हात कितीही डुलू दे, पुढची साइट खाचेत मधोमध आणि माथ्याला माथा लावून असेल तर कागद वाईट येत नाही.

म्हणून डोळा पुढच्या साइटवर ठेवायचा, टार्गेटवर नाही. साइटची वरची कडा कापल्यासारखी स्वच्छ दिसली पाहिजे आणि मागचा काळा गोल धूसर दिसला पाहिजे. गोल स्पष्ट दिसायला लागला की समजा, डोळा पळाला. तो पळतोच, कारण गोळी कुठे लागतेय हे बघायची हाव सुटत नाही. नेम काळ्याच्या मध्यावरही धरू नका. काळ्यावर काळी साइट कुठे संपते ते कळत नाही. गोलाच्या खाली पांढरी पट्टी सोडून तिथे थांबा. पट्टी थोडी जाड-बारीक झाली तर चालेल. खाचेतल्या साइटच्या दोन्ही बाजूंचा उजेड मात्र सारखाच हवा.

आता बोट. पेराच्या मधला मऊ भाग ट्रिगरवर ठेवा आणि बोटाचा बाकी भाग मुठीच्या लाकडाला शिवू देऊ नका. शिवला तर बोट ट्रिगरबरोबर अख्खं पिस्तूल ढकलतं. हात टार्गेटच्या वरून खाली येत असतानाच पहिला टप्पा संपवा. बोट अडलं की दुसरा टप्पा सुरू. इथून दाब वाढतच जायला हवा, थांबून थांबून नाही. ड्रॉपरनं डोळ्यांत औषध घालताना रबर हळूहळू दाबत जातो आणि थेंब आपल्या वेळेला सुटतो, तशी गोळी सुटली पाहिजे. ती सुटल्याचं तुम्हाला किंचित आश्चर्य वाटलं तर दाब बरोबर होता.

साइट इकडेतिकडे झाली म्हणून दाब थांबवू नका. साइट आणि बोट यांची एकमेकांशी ओळखच नाही असं समजा: डोळा साइट सांभाळतो, बोट आपलं काम करत राहतं. साइट चांगली दिसली की बोटाला हुकूम द्यायचा, ही सवय एकदा लागली की मोडायला महिने लागतात. ज्यांना ती लागलीय त्यांना मी पहिल्यांदा काळा गोलच नजरेआड करायला सांगतो.

ती मोडायची कशी? टार्गेट उलटं लावा, पांढरी बाजू पुढे. काळं दिसायचं बंद झालं की 'आत्ता!' म्हणायला काही उरत नाही. साधारण मध्यावर धरा, साइट बघा, दाबत जा. पांढऱ्या कागदावरचा गोळ्यांचा झुबका काळ्या गोलावरच्यापेक्षा लहान येतो, हे बहुतेकांना स्वतःच्या डोळ्यांनी बघितल्याशिवाय पटत नाही. झुबका लहान आला तर दोष पिस्तुलात नव्हता हे तिथेच सिद्ध होतं.

दुसरा इलाज ड्राय, म्हणजे गोळीशिवाय सराव. कोऱ्या भिंतीपासून हातभर अंतरावर उभं राहून साइट बघत ट्रिगर दाबा. कळ सुटल्यावर साइट खाचेतून हललेली दिसली तर बोट चुकलं. इथे एक इशारा. पिस्तुलाला ड्रायची सोय आहे की नाही ते माहितीपत्रकात बघूनच करा. स्प्रिंगवर चालणाऱ्या स्वस्त पिस्तुलात पेलेट न घालता फायर केलं की पिस्टन मोकळा आपटतो, आणि स्प्रिंग नि वॉशर दोन्ही जातात. सोय असेल तर रेंजवरच्या प्रत्येक गोळीमागे घरी दहा ड्राय करा. फुकट आहे, शेजाऱ्यांना आवाज नाही.

साइट जागेवर बसल्यापासून सहा-आठ सेकंदांत गोळी सुटली नाही, तर हात खाली घ्या. त्यानंतर डोळ्याला दिसणारी साइट खोटी असते. स्पर्धेत ६० गोळ्यांना इलेक्ट्रॉनिक टार्गेटवर ७५ मिनिटं मिळतात, म्हणजे गोळीमागे सव्वा मिनिट. घाई कसली आहे? तरी नव्वद टक्के लोक हात खाली घेत नाहीत, कारण मागे उभे असलेले बघतायत असं त्यांना वाटतं. मागचे आपापल्या फोनमध्ये बघत असतात.

गोळी सुटल्यावर दोन सेकंद तसेच उभे राहा, डोळा साइटवरच. मान उचलून कागद बघायची घाई असणाऱ्याचं मनगट गोळी नळीत असतानाच हलतं.

श्वास रोखा, असंही सांगतात. छाती भरून रोखू नका. हात खाली आणताना निम्मा सोडा आणि तिथे आपोआप विराम येतो तेवढाच वापरा.

साइट फिरवणं

झुबका लहान येईपर्यंत साइटच्या स्क्रूला हात लावायचा नाही. एक गोळी डावीकडे गेली म्हणून फिरवणारे नंतर संध्याकाळभर स्वतःच्याच मागे धावतात. निदान पाच गोळ्यांचा झुबका सतत एकाच बाजूला पडत असेल तरच फिरवा. मागची साइट गोळी जिकडे न्यायची तिकडे सरकते, हे लक्षात ठेवा. स्क्रूवरची अक्षरं प्रत्येक कंपनी आपल्या पद्धतीनं छापते, म्हणून दोन क्लिक फिरवून परत पाच गोळ्या मारून बघा.

पावसाळा

जून ते सप्टेंबर हा गोव्यातल्या पिस्तुलाचा खरा शत्रू. पेटीतला फोम ओलावा धरतो, आणि फोममध्ये झोपवलेल्या पिस्तुलावर पंधरवड्यात तांबूस ठिपके येतात. पेटी फक्त ने-आण करण्यासाठी वापरा. घरी पिस्तूल कुलुपाच्या कपाटात, सुती फडक्यावर, सिलिका जेलच्या पुड्यांसोबत ठेवा. घामेजल्या हातानं हाताळलं की त्याच दिवशी बाहेरचं लोखंड तेलाच्या फडक्यानं पुसा. हवेच्या वॉशरला मात्र सिलिकॉन तेलाचा एखादा थेंबच. घरात आहे म्हणून खोबरेल किंवा शिलाई मशीनचं तेल तिथे घालू नका. खोबरेल चिकट होतं, आणि दुसरं तेल वॉशर फुगवू शकतं. पेलेटचे डबे हवाबंद बरणीत ठेवा. दमटपणानं शिशावर पांढरी पूड धरते, असे पेलेट बाजूला काढा. पिस्तुलात हवा भरून ते रात्रभर ठेवू नका.

चतुर्थीच्या सुट्टीनंतर रेंजवर परत गेलात की पहिला आठवडा पांढरा कागदच लावा.